कोकणातल्या सरकारी रुग्णालयासाठी यंत्रखरेदी: दाव्यांच्या आकड्यापासून सुरक्षा ठेवीपर्यंत

महात्मा फुले जन आरोग्य योजना आणि आयुष्मान भारत यांच्या दाव्यांचे पैसे सरकारी रुग्णालयांच्या खात्यात जमा व्हायला लागले, तसा यंत्रखरेदीचा प्रश्न तालुक्याच्या गावापर्यंत येऊन पोचला. सोबत जिल्हा नियोजनचा निधी असतो. तो बहुधा फेब्रुवारीत हाती येतो आणि ३१ मार्चच्या आत खर्ची पडायला हवा असतो. मग घाईघाईत कुठल्या तरी जुन्या निविदेतली स्पेसिफिकेशन्स उचलली जातात, सर्वांत कमी दरवाल्याला पुरवठा आदेश जातो आणि जुलैत लाइट चार वेळा गेली की यंत्र पांढरा हत्ती होऊन बसतं.

किनाऱ्यालगतच्या रुग्णालयासाठी एल-१ (सर्वांत कमी खर्चाचा देकार, म्हणजे निविदेला आलेला प्रस्ताव) ठरवायचा तो आठ वर्षांच्या खर्चावर, आणि तसं ठरवायचं हे निविदा प्रसिद्ध होण्याआधी कागदावर आलेलं असलं पाहिजे. लिफाफे उघडल्यावर एकही अट वाढवता येत नाही. पुढचा सगळा मार्ग याच क्रमाने दिला आहे. उदाहरण डायलिसिस युनिटचं घेतलं आहे, कारण यंत्र, पाणी, वीज, रोजचा खर्च आणि विम्याचा दावा या पाचही गोष्टी त्यात एकमेकांत अडकलेल्या असतात. एक्स-रे, सोनोग्राफी, ऑटोक्लेव्ह यांच्या वेगळ्या बाबी जागोजागी येतील.

पहिलं काम: दावे मोजणं

‘किती यंत्रं हवीत’ हे विभागप्रमुखाला विचारून ठरवू नका. आरोग्यमित्राकडून (योजनेचा रुग्णालयात बसणारा माणूस) गेल्या बारा महिन्यांचे मंजूर दावे, नामंजूर दावे आणि बाहेर पाठवलेले रुग्ण अशा तीन याद्या काढून घ्या. तिसरी यादी सर्वांत कामाची. सावंतवाडी-दोडामार्गकडचा रुग्ण गोव्यात बांबोळीला जातो, राजापूर-लांज्याचा कोल्हापूरला, महाड-पोलादपूरचा मुंबईला. ही माणसं तुमच्या रजिस्टरमध्ये दिसत नाहीत. युनिट सुरू झालं की तीच पहिली दारात येतात.

आकडेमोड सोपी आहे. २० रुग्ण, प्रत्येकाला आठवड्याला ३ वेळा डायलिसिस, म्हणजे ६० सत्रं. एक यंत्र दिवसाला २ पाळ्या आणि आठवड्याला ६ दिवस चाललं तर १२ सत्रं देतं. म्हणजे ५ यंत्रं लागली. हिपॅटायटिस-बी पॉझिटिव्ह रुग्णाला वेगळं यंत्र द्यावंच लागतं, म्हणून सहावं. त्या सहाव्याला ‘स्पेअर’ म्हणून दाखवून दोन्ही कामं त्यावर ढकलण्याची पद्धत दिसते, ती धोक्याची. स्पेअर हवं असेल तर सातवं मागा आणि टिपणीत कारण स्वच्छ लिहा.

नामंजूर दाव्यांची यादी वेगळीच गोष्ट सांगते. पूर्वमंजुरीला आणि दाव्याला जोडलेल्या प्रतिमेवर रुग्णाचं नाव किंवा तारीख नाही, रिपोर्ट वाचता येत नाही, अशी कारणं त्यात दिसली तर तो दोष यंत्राच्या स्पेसिफिकेशनमध्ये दुरुस्त होतो. प्रतिमेवर नाव, ओळखक्रमांक, तारीख आणि वेळ आपोआप उमटणं, आणि ती डायकॉमबरोबर (वैद्यकीय प्रतिमांचं प्रमाणित स्वरूप) साध्या जेपीईजी किंवा पीडीएफमध्ये बाहेर काढता येणं, ही ओळ एक्स-रे, सोनोग्राफी, टूडी-इको या सगळ्यांच्या स्पेसिफिकेशनमध्ये घाला. ही सोय नंतर विकत घ्यायची तर कंपनी ‘सॉफ्टवेअर ऑप्शन’ म्हणून वेगळे पैसे मागते.

जागा, पाणी, वीज, हवा

खरेदीची फाइल सुरू करण्याआधी बायोमेडिकल इंजिनिअर आणि सार्वजनिक बांधकाम विभागाच्या विद्युत शाखेचा माणूस यांना एकत्र उभं करून जागा दाखवा. यंत्राची खोकी व्हरांड्यात पडून आहेत आणि खोलीचं वायरिंग मंजुरीला गेलं आहे, हे दृश्य अनेक रुग्णालयांत दिसतं. अशा वेळी काही पुरवठादार खोकं पोचल्या दिवसापासून वॉरंटी मोजतात आणि ती यंत्र न वापरताच वर्षभरात संपते.

पाण्यापासून सुरुवात करू. डायलिसिस यंत्राला मिनिटाला साधारण ५०० मिलिलिटर डायलिसेट (रक्त शुद्ध करताना वापरायचा द्राव) लागतं, म्हणजे चार तासांच्या एका सत्राला १२० लिटर शुद्ध पाणी. पाच यंत्रं दोन पाळ्या चालली की १,२०० लिटर. धुणं, निर्जंतुकीकरण, प्रायमिंग धरून १,५०० ते १,८०० लिटर पकडा. आरओ प्लांट कच्च्या पाण्याचा साधारण निम्मा भाग बाहेर टाकतो, तेव्हा टाकीत रोज ३,००० ते ३,६०० लिटर कच्चं पाणी यायला हवं. तासाचा हिशेबही करा: पाच यंत्रं एकाच वेळी ताशी १५० लिटर ओढतात, म्हणून आरओची क्षमता ताशी २५० लिटरच्या खाली नको.

कोकणात तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो आणि एप्रिल-मे महिन्यांत त्याच गावात टँकर फिरतो. टँकरचं किंवा नळयोजनेचं पाणी टीसीएल (ब्लीचिंग) पावडर घालून येतं आणि उन्हाळ्यात ती जरा सढळ हाताने पडते. क्लोरीन आरओच्या पडद्यातून पुरतं अडत नाही, ते अडवायचं काम ॲक्टिव्हेटेड कार्बनचं. कार्बन संपला आणि कुणाच्या लक्षात आलं नाही, तर क्लोरीन-क्लोरामाइन थेट डायलिसेटमध्ये जातं आणि रुग्णाच्या लाल पेशी फुटतात. म्हणून एकामागे एक असे दोन कार्बन टँक मागा, पहिल्या टँकनंतर नमुना काढायची तोटी मागा आणि एकूण क्लोरीन लिटरला ०.१ मिलिग्रॅमच्या आत आहे की नाही हे तपासायच्या पट्ट्यांचा वर्षभराचा साठा पुरवठ्यातच धरा. प्रत्येक पाळीआधी तपासणी. पहिल्या टँकनंतर क्लोरीन दिसलं तर दुसरा टँक तुम्हाला कार्बन बदलायला वेळ देतो. एकच टँक असेल तर तो वेळ मिळत नाही.

पावसाळ्यात उलटी तऱ्हा. नदीचं पाणी लाल होतं, सँड फिल्टर आणि ५ मायक्रॉनची कार्ट्रिज भराभर चोंदतात. खाडीकाठच्या विहिरीला मे महिन्यात खारटपणा चढतो आणि आरओवर भार येतो. तेव्हा पाण्याचा नमुना एकदा मेच्या तिसऱ्या आठवड्यात आणि एकदा जुलैत तपासा आणि दोन्ही अहवाल निविदेला जोडा. नुसतं ‘स्थानिक पाण्याला योग्य असा प्लांट’ लिहिलं तर प्रत्येक जण आपल्या सोयीचं पाणी गृहीत धरतो आणि नंतर ‘तुमचं पाणीच खराब’ म्हणून हात वर करतो.

विजेचं म्हणाल, तर फीडरच्या टोकाला असलेल्या रुग्णालयात व्होल्टेज किती खाली जातं ते आठवडाभर लॉगर लावून मोजा. अंदाजाने ‘१७० ते २७०’ लिहू नका. लॉगर १५० दाखवत असेल तर तसा सर्व्हो स्टॅबिलायझर मागा. वीज गेली की डायलिसिस यंत्राची स्वतःची बॅटरी रक्ताचा पंप काही मिनिटं चालवते, हीटर मात्र चालवत नाही. जनरेटर आपोआप सुरू होणारा हवा. आणि आरओचा पंप जनरेटरच्या सर्किटवर आहे ना, हे स्वतः स्विच पाडून बघा. यंत्रं जनरेटरवर आणि पंप साध्या लाइनवर, अशी जोडणी झाली की यंत्रं चालू, पाणी बंद.

अर्थिंगची गोष्ट खास कोकणची. जांभ्यात खणलेला अर्थपिट ऑगस्टमध्ये मोजला तर छान आकडा येतो, कारण सगळं ओलं असतं. तोच मे महिन्यात मोजा. जांभा पाणी धरून ठेवत नाही, रोध कितीतरी वाढलेला असतो. अनेक कंपन्यांच्या साइट-तयारी पुस्तिकेत १ ओहमच्या आसपास अर्थिंग आणि न्यूट्रल-अर्थ व्होल्टेज २ व्होल्टच्या आत मागितलेलं असतं. ते पाळलं नाही तर जळलेल्या बोर्डची वॉरंटी नाकारायला त्यांना आयतं कारण मिळतं. केमिकल अर्थिंग, स्वतंत्र पिट आणि सर्ज अरेस्टर हे टर्नकी कामात (पुरवठादाराने जागेसह सगळं तयार करून द्यायचं काम) घाला आणि मोजणी उन्हाळ्यात करण्याची अट टाका.

हवेत मीठ आणि दमटपणा दोन्ही. साधं ३०४ स्टील किनाऱ्यावर दोन-तीन वर्षांत तपकिरी डाग धरतं. ऑटोक्लेव्हचं चेंबर, ओटी टेबलाचा सांगाडा यांना ३१६ दर्जा मागा, बाकीच्या ट्रॉल्यांना ३०४ चालेल, उगाच सगळीकडे ३१६ लिहून किंमत फुगवू नका. एसीच्या बाहेरच्या युनिटला तांब्याची कॉइल आणि गंजरोधक लेप हवा. सर्किट बोर्डावर कन्फॉर्मल कोटिंग (दमटपणा अडवणारा पातळ थर) असेल तर उत्तम, पण ती अनिवार्य अट केली तर काही चांगली मॉडेल्स बाहेर पडतात. अनेक यंत्रांची कामाची मर्यादा ८० टक्के आर्द्रतेपर्यंतच असते आणि जुलैत मालवण-वेंगुर्ल्याची हवा ती सहज ओलांडते. म्हणून यंत्राची मर्यादा ताणत बसण्यापेक्षा खोली सुधारलेली बरी: एसी आणि रात्रभर चालणारा डीह्युमिडिफायर. संध्याकाळी एसी बंद करून खिडक्या उघडल्या की थंड यंत्रावर बाहेरची दमट हवा येऊन पाणी साचतं. सूक्ष्मदर्शकाच्या भिंगावर बुरशी धरते ती यामुळेच.

आणि पूर. २२ जुलै २०२१ ला चिपळुणात वाशिष्ठीचं पाणी शहरात शिरलं. त्याआधी ३ जून २०२० ला निसर्ग वादळानंतर श्रीवर्धन, मुरुड, दापोली, मंडणगड भागांत कित्येक दिवस वीज नव्हती. आरओ, युपीएस, जनरेटरचं पॅनेल यांची जागा ठरवताना पूररेषा विचारा आणि तिच्या वर जोतं बांधा. ‘तळमजल्यावर जागा मोकळी होती’ हे कारण फाइलवर टिकत नाही.

स्पेसिफिकेशन

एखाद्या कंपनीचं माहितीपत्रक समोर ठेवून स्पेसिफिकेशन लिहिलं की ते जाणकाराला पहिल्या नजरेत कळतं: स्क्रीन १०.४ इंच, वजन ८२ किलो, रंग पांढरा. असली मोजमापं उडवून लावा. एक तक्ता करा, डावीकडे गरजेचे गुणधर्म आणि वर निदान तीन वेगवेगळ्या उत्पादकांची मॉडेल्स. जो गुणधर्म तिन्हींत नाही, तो अनिवार्य का हवा याचं वैद्यकीय कारण एका ओळीत लिहिता आलं तर ठेवा, नाहीतर काढा. हा तक्ता फाइलला लावून ठेवा. पुढे तक्रार आली तर तोच तुमच्या बाजूने बोलतो.

प्रमाणपत्रांबाबत: वैद्यकीय उपकरण नियम २०१७ प्रमाणे उपकरणं ए, बी, सी, डी अशा वर्गांत येतात. ए (निर्जंतुक नसलेली आणि मोजणी न करणारी साधी उपकरणं सोडून) आणि बी वर्गाला १ ऑक्टोबर २०२२ पासून आणि सी, डी वर्गाला १ ऑक्टोबर २०२३ पासून परवाना सक्तीचा आहे. देशी उत्पादक असेल तर एमडी-५ किंवा एमडी-९ नमुन्यातला परवाना, आयात असेल तर एमडी-१५, आणि विक्रेत्याकडे एमडी-४२ नोंदणी. परवान्यावरचं मॉडेलचं नाव आणि देकारातलं नाव अक्षर-अक्षर जुळतं का ते पाहा. फसवणूक बहुधा इथेच असते. फक्त यूएस एफडीए किंवा फक्त युरोपियन सीई चालेल असा हट्ट धरला तर परवानाधारक भारतीय उत्पादक विनाकारण बाहेर जातात.

एक्स-रे यंत्राला अणुऊर्जा नियामक मंडळाची प्रकार-मान्यता आणि ई-लोरा प्रणालीवर रुग्णालयाचा परवाना लागतो. खोलीच्या भिंतींचा आराखडा त्यात आधीच ठरतो, म्हणून हे काम निविदेबरोबरच सुरू करा. सोनोग्राफीला पीसीपीएनडीटी (गर्भलिंगनिदान प्रतिबंधक कायदा) नोंदणी लागते आणि यंत्र बदलायचं असेल तर समुचित प्राधिकाऱ्याला ३० दिवस आधी कळवावं लागतं. यंत्र आल्यावर कळवू म्हणालात तर ते सील होऊन कोपऱ्यात बसेल.

कुठून घ्यायचं

आधी दरकरार तपासा. राज्यात ही मध्यवर्ती खरेदी २०१७ पासून हाफकिन महामंडळाकडे होती, २०२३ च्या कायद्यानंतर ती महाराष्ट्र वैद्यकीय वस्तू खरेदी प्राधिकरणाकडे आली. चालू दरकरारात तुमच्या गरजेचं यंत्र असेल तर स्वतंत्र निविदा काढण्याला सबळ कारण लागतं. कारण नसेल तर लेखापरीक्षणात आक्षेप ठरलेला. दरकरार नसेल तर जेम (केंद्राचं सरकारी खरेदी पोर्टल) किंवा राज्याच्या महाटेंडर्स पोर्टलवर ई-निविदा. १ डिसेंबर २०१६ च्या शासन निर्णयाने आलेली खरेदी नियमपुस्तिका आणि तिच्यातल्या पुढच्या सुधारणा हाताशी ठेवा, मर्यादेच्या रकमा त्यातूनच घ्या. मर्यादेखाली राहण्यासाठी एकाच खरेदीचे तुकडे पाडायचे आणि तीन दरपत्रकं गोळा करायची, हा प्रकार ऑडिटवाले सर्वांत आधी पकडतात.

जेमवर खरेदी करताना तयार कॅटलॉगमधले गुणधर्म तुमच्या गरजेपेक्षा ढोबळ असतात. टर्नकी काम, सीएमसी (वॉरंटीनंतरचा सुट्या भागांसह देखभाल करार), प्रतिसादाची वेळ हे सगळं खरेदीदाराच्या जादा अटींत घालावं लागतं. त्या अटी कॅटलॉगशी विसंगत असल्या तर देकार देणारा पुढे वाद घालतो, म्हणून दोन्ही ओळीने जुळवून बघा.

दोन लिफाफे आणि त्याआधीची बैठक

केंद्राच्या जीएफआर २०१७ (सर्वसाधारण वित्तीय नियम) प्रमाणे देकार भरायला साधारण तीन आठवडे द्यायचे असतात, बयाणा अंदाजित किमतीच्या २ ते ५ टक्के आणि त्याची वैधता देकाराच्या वैधतेनंतर ४५ दिवस. राज्याच्या निविदेत आकडे नियमपुस्तिकेप्रमाणे टाका. मात्र मुदत गणपतीच्या आठवड्यात किंवा शिमग्यात संपेल अशी ठेवू नका. प्रश्न विचारायला कुणी नसतं आणि देकार दोनच येतात.

निविदापूर्व बैठक औपचारिकता म्हणून उरकू नका. जागेवर घ्या, आरओची खोली दाखवा, पाण्याचे अहवाल आणि लॉगरचा आलेख हातात द्या. विक्रेते इथे जे प्रश्न विचारतात त्यातून तुमच्या स्पेसिफिकेशनमधली भोकं कळतात. उत्तरं सगळ्यांना एकाच वेळी शुद्धिपत्रकाने द्या, फोनवर एकालाही नाही.

तांत्रिक लिफाफ्यात पुढच्या गोष्टी नसतील तर देकार अपात्र, असं आधीच छापा:
- उत्पादकाचं अधिकारपत्र, या निविदेचा क्रमांक घालून. जुनं, सर्वसाधारण पत्र नको.
- उत्पादकाचं स्वतःचं हमीपत्र: डीलर बदलला तरी सुटे भाग आणि सेवा किमान ८ वर्षं. अधिकारपत्रात हे येत नाही आणि तीन वर्षांनी डीलर बदलतोच.
- परवाने आणि मुद्देनिहाय अनुपालन तक्ता, माहितीपत्रकाच्या पान क्रमांकासह. नुसतं ‘होय’ लिहिलेलं नको.
- सेवा अभियंता कुठे बसतो त्याचा पत्ता. पुणे-मुंबईत बसणारा चालेल, पण पोचायची वेळ लेखी हवी: फोनवर ४ तासांत, जागेवर ४८ तासांत. पावसाळ्यात आंबा किंवा कुंभार्ली घाट बंद पडतो, तेव्हा ७२ तास ठेवा. अशक्य अट टाकली की कुणीच पाळत नाही आणि दंड लावायला तुम्हालाच संकोच होतो.

डेमो घ्यायचा तर सगळ्यांचा, एकाच तपासणी पत्रकावर, गुण न देता फक्त ‘पूर्तता आहे’ किंवा ‘नाही’. अपात्र ठरवलेल्याला कारण त्याच दिवशी पोर्टलवर द्या. आर्थिक लिफाफे उघडल्यावर दिलेलं कारण संशयास्पद दिसतं.

एल-१ काढायचा तो असा

पुढचे आकडे पद्धत दाखवण्यासाठी धरलेले आहेत. दोन देकार, दोन्हींत ३ वर्षं वॉरंटी आणि त्यानंतर ५ वर्षं सीएमसी. पहिला: यंत्र ६,००,०००, सीएमसी वर्षाला ४८,०००. दुसरा: यंत्र ७,२०,०००, सीएमसी वर्षाला ३६,०००. नुसती किंमत पाहिली तर पहिला १,२०,००० रुपयांनी स्वस्त. सीएमसी मिळवली तर ८,४०,००० विरुद्ध ९,००,०००. अजूनही पहिलाच पुढे.

आता रोजचं साहित्य. पहिल्याच्या यंत्राला फक्त त्याच्याच कंपनीचं साहित्य चालतं, सत्रामागे ४५० रुपये. दुसऱ्याला बाजारातलं कुठलंही प्रमाणित साहित्य चालतं, ३८० रुपये. दिवसाला २ सत्रं, महिन्याला २६ दिवस, म्हणजे वर्षाला ६२४ आणि ८ वर्षांत ४,९९२ सत्रं. पहिल्याचं साहित्य २२,४६,४००, दुसऱ्याचं १८,९६,९६०. एकूण ३०,८६,४०० आणि २७,९६,९६०. ज्याला सगळे महाग म्हणत होते तो एका यंत्रामागे २,८९,४४० रुपयांनी स्वस्त पडला. पाच यंत्रांना गुणून पाहा.

पुढच्या वर्षांचे पैसे आजच्या किमतीत आणायचे असतील तर सूट दर निविदेतच छापा. १० टक्के दराने चौथ्या वर्षाअखेरचा रुपया आज साधारण ६८ पैसे, आठव्याचा ४७ पैसे. आणि कर विसरू नका: यंत्रावरचा जीएसटी वेगळा, सीएमसीवरचा १८ टक्के वेगळा. रुग्णालयाला त्याची वजावट मिळत नाही, म्हणून तुलना करासह करा. साहित्याचे दर आठ वर्षं गोठवता येत नाहीत. त्याऐवजी वार्षिक वाढीची कमाल मर्यादा देकारातच मागा.

सीएमसी मागण्याआधी एक गोष्ट पाहा. राष्ट्रीय आरोग्य अभियानाच्या जैववैद्यकीय उपकरण देखभाल कार्यक्रमात ते यंत्र वॉरंटीनंतर धरलं जाणार आहे का? धरलं जाणार असेल तर त्याच दुरुस्तीचे पैसे दोनदा जातील आणि यंत्र बंद पडलं की दोन्ही एजन्सी एकमेकांकडे बोट दाखवतील.

दर ठरवण्याची पद्धतच चुकली तर काय होतं, हे अमेरिकेच्या मेडिकेअर या सरकारी आरोग्य विमा योजनेत दिसलं. ऑक्सिजन कॉन्सन्ट्रेटर, व्हीलचेअर, घरी लागणाऱ्या खाटा यांसाठी तिथे स्पर्धात्मक देकार मागवले गेले. त्याची सुधारित पहिली फेरी जानेवारी २०११ पासून नऊ भागांत लागू झाली. जिंकलेल्या देकारांच्या मध्यावरचा दर सगळ्यांना लागू व्हायचा, म्हणजे निम्म्या विजेत्यांना आपण मागितल्यापेक्षा कमी मिळणार. वर देकार बंधनकारक नव्हता, करार नाकारता यायचा. साहजिकच कमी आकडा टाकून जागा अडवणं फायद्याचं ठरलं. २०१० मध्येच १६७ तज्ज्ञांनी पत्र लिहून या रचनेवर टीका केली होती. २०२१ च्या फेरीत जिंकलेल्यांपैकी सर्वांत वरचा दर धरला गेला आणि प्रत्येक भागासाठी ५०,००० डॉलरचा बाँड आला. आपल्याकडे बयाणा आणि सुरक्षा ठेव हेच काम करतात. म्हणून ‘नवीन एजन्सी आहे, सांभाळून घेऊ’ म्हणत बयाणा माफ करू नका, कायद्याने सवलत असलेल्यांनाच ती द्या. दरकरारात एल-२, एल-३ ना एल-१ च्या दरावर या म्हणून गळ घालतानाही हे ध्यानात ठेवा: तोंडदेखला होकार देणारा पुरवठादार मालाच्या वेळी फोन उचलत नाही.

एकाच माणसाचे तीन देकार

तीन देकार आले म्हणजे स्पर्धा झाली असं नाही. तिन्ही अनुपालन तक्त्यांत तीच शुद्धलेखनाची चूक, बयाण्याच्या डिमांड ड्राफ्टचे सलग क्रमांक, एकाच संगणकावरून अपलोड, दोन देकार अंदाजित किमतीपेक्षा नेमके ८ आणि १२ टक्क्यांनी वर: ही लक्षणं. स्पर्धा कायदा २००२ च्या कलम ३(३)(घ) मध्ये निविदेतलं संगनमत येतं. संशय असेल तर तुलनात्मक तक्त्यावर सही करण्याआधी निरीक्षणं लेखी नोंदवा. तोंडी कुजबुजीला फाइलमध्ये जागा नसते. उलट एकच देकार आला तर तो आपोआप रद्द ठरत नाही, अटी जाचक नव्हत्या आणि दर वाजवी आहे हे दाखवता आलं पाहिजे. मात्र राज्याच्या नियमांप्रमाणे मुदतवाढ द्यायची असेल तर ती आधी द्या.

माल आल्यावर

पुरवठा आदेशात चार तारखा वेगळ्या लिहा: माल पोचणं, बसवणं, चाचणी पूर्ण, प्रशिक्षण पूर्ण. वॉरंटी तिसऱ्या तारखेपासून. पैसे दोन टप्प्यांत, मोठा हिस्सा माल तपासून, उरलेला चाचणी आणि प्रशिक्षणानंतर. उशिराचा दंड आठवड्याला अर्धा टक्का, कमाल १० टक्के, हे प्रमाण सर्रास वापरलं जातं.

जेमवर माल मिळाल्याची तात्पुरती पावती आणि अंतिम स्वीकृती हे वेगळे कागद आहेत. खोकं उतरलं म्हणून भांडारपालाने अंतिम स्वीकृती देऊ नये. खोकं उघडताना अनुक्रमांक, परवान्यावरचं मॉडेल, उत्पादनाचं वर्ष आणि सुट्या भागांची यादी दोघांच्या सहीने जुळवा, मगच जडवस्तू नोंदवहीत चढवा. डायलिसिससाठी आरओच्या पाण्याचा जिवाणू अहवाल मिलिलिटरला १०० सीएफयूच्या (जिवाणू मोजायचं एकक) आत आणि एंडोटॉक्सिन (जिवाणूंचं विष) मिलिलिटरला ०.२५ ईयूच्या आत आल्याशिवाय पहिला रुग्ण घेऊ नका, उद्घाटनाची पत्रिका छापून झाली असली तरी.

प्रशिक्षण दोनदा मागा, बसवताना आणि तीन महिन्यांनी. पहिल्या वेळी शिकलेली परिचारिका बदलीवर गेलेली असते.

पुढची आठ वर्षं

प्रत्येक यंत्राला एक वही: बंद पडल्याची वेळ, तक्रार क्रमांक, माणूस आल्याची वेळ, चालू झाल्याची वेळ. जिल्हा रुग्णालयासाठी देखभाल कार्यक्रमात ९५ टक्के अपटाइम अपेक्षित आहे, म्हणजे वर्षात जास्तीत जास्त १८ दिवस बंद. त्यापुढच्या प्रत्येक दिवसाला वॉरंटी दोन दिवसांनी वाढेल, अशी अट करारात असेल तर ती वही हाच पुरावा. वेळ न लिहिलेली तक्रार म्हणजे न केलेली तक्रार.

सुरक्षा ठेवीची बँक हमी सगळ्या जबाबदाऱ्या, वॉरंटीसह, संपल्यानंतर ६० दिवसांपर्यंत जिवंत हवी. ती संपायच्या दोन महिने आधीची तारीख लेखा शाखेच्या भिंतीवरच्या कॅलेंडरात लाल शाईने टाका. वॉरंटी वाढली पण हमीची मुदत वाढवून घेतली नाही, असं झालं की हातात काहीच राहत नाही. हमी परत करण्याआधी बायोमेडिकल इंजिनिअरचा दाखला घ्या: सर्व दोष दुरुस्त, सर्व्हिस मॅन्युअल आणि पासवर्ड रुग्णालयाकडे, सीएमसीचा करार सही होऊन लागू. हे तीन मुद्दे पूर्ण असतील त्या दिवशी हमी परत करा, मुद्दाम अडवून ठेवू नका. पुढच्या निविदेत देकार भरणारी मंडळी तीच असतात.